‘करार नव्हे, करार!’ : ख्रिस्ती विवाह आणि एका शब्दाचा गुंता

निशिगंध
नमस्कार. कितीतरी वर्षं नुसतीच वाचत आले आहे, हा पहिलाच धागा. सांभाळून घ्या.

काही महिन्यांनी माझं लग्न आहे. आम्ही दोघंही ख्रिस्ती. लग्नाआधी जोडप्यांचे जे वर्ग घेतात ते सध्या सुरू आहेत. परवा फादर फार तळमळीने म्हणाले, "एक कायम लक्षात ठेवा. विवाह हा करार नव्हे, विवाह हा करार आहे!" आम्ही सगळे गप्प. मग त्यांचं त्यांनाच हसू आलं, कॉन्ट्रॅक्ट आणि कव्हेनंट हे दोन शब्द फळ्यावर लिहिले आणि पुढच्या मुद्द्याकडे वळले.

मी मात्र तिथेच अडकले. आपल्याकडे दोन्हीला करारच. भाडेकरारही करार आणि बायबलचे दोन भाग, जुना करार नि नवा करार, तेही करार. बायबलमधल्या मलाखी या संदेष्ट्याच्या (देवाचा निरोप सांगणाऱ्याच्या) पुस्तकात बायकोला ‘तुझ्या कराराची पत्नी’ म्हटलंय, ते वाचताना डोळ्यांसमोर स्टॅम्पपेपरच येतो.

फरक विचारला की उत्तर ठरलेलं: "एक मोडता येतो, दुसरा मोडता येत नाही." एवढंच असेल तर तो फक्त जास्त कडक कॉन्ट्रॅक्ट झाला ना? आणि खरं सांगायचं तर मला या शब्दाची भीती वाटते. आमच्या नात्यातल्या एकीला नवरा मारायचा. ती माहेरी आली की "देवासमोर शब्द दिलायस" असं सांगून तिला परत धाडायचे. पवित्र वगैरे वाटण्याआधी हा शब्द मला जड वाटतो तो त्यामुळे.

जाणकारांनी सांगावं. उपदेश नको, अर्थ हवा आहे.

वाटसरू
"करार नव्हे, करार" =)) फादरांना दंडवत.
जागा धरून ठेवतो. जुनी वही येतीलच.

जुनी वही
आलो.

निशिगंध, अभिनंदन, आणि प्रश्न उत्तम. "मोडता येतो की नाही" इथून सुरुवात केली की गाडी चुकीच्या रुळावर जाते. आधी तो होतो कसा ते बघू.

हिब्रू शब्द आहे ‘बरीथ’. आणि हिब्रूत बरीथ ‘करत’ नाहीत, ‘कापतात’. का, ते उत्पत्ती या बायबलच्या पहिल्या पुस्तकाच्या १५व्या अध्यायात दिसतं. देव अब्रामाला (पुढे याचंच नाव अब्राहाम होतं) तीन वर्षांची कालवड, शेळी आणि मेंढा आणायला सांगतो. अब्राम ती चिरून अर्धे भाग समोरासमोर मांडतो. मधून वाट. करार करणाऱ्याने त्या वाटेने चालत जायचं. अर्थ असा की मी शब्द मोडला तर माझं हे असं होवो. यिर्मया संदेष्ट्याच्या पुस्तकाच्या ३४व्या अध्यायात हाच विधी आहे. तिथे वासराच्या दोन तुकड्यांमधून गेलेल्या आणि मग शब्द फिरवलेल्या लोकांना देव हे सुनावतो.

आता अब्रामाच्या गोष्टीतली गंमत बघ. सूर्य मावळताना अब्रामाला गाढ झोप लागते. अंधार पडल्यावर त्या तुकड्यांमधून धुमसती भट्टी आणि पेटती मशाल जाते, म्हणजे देव जातो. अब्राम चालतच नाही. कॉन्ट्रॅक्टात दोघांच्या सह्या लागतात. इथे एका बाजूने सगळा भार स्वतःवर घेतलाय आणि दुसरी बाजू झोपली आहे!

दुसरी गोष्ट. कॉन्ट्रॅक्टात वस्तूंची किंवा कामाची देवाणघेवाण होते, बरीथने परका माणूस आपला होतो. आदाम हव्वेला बघून म्हणतो ना, "ही माझ्या हाडातील हाड, माझ्या मांसातील मांस". आपण ते प्रेमाचं काव्य म्हणून वाचतो. पण ती नातं जाहीर करायची भाषा आहे. लाबान आपल्या भाच्याला, याकोबाला, असंच म्हणतो. २ शमुवेल ५मध्ये इस्राएलची सगळी कुळं दावीदाकडे येऊन "आम्ही तुझ्याच हाडामांसाचे" म्हणतात, आणि दोनच वचनांनंतर दावीद त्यांच्याशी करार करतो. आईबापांचं घर सोडून "स्त्रीशी जडून राहील, ती दोघे एकदेह होतील" (उत्पत्ती २:२४), तेही असंच. रक्ताचं नसलेलं नातं रक्ताच्या नात्याच्या रांगेत, खरं तर त्याच्याही पुढे, आणून बसवलंय.

तिसरा डोळा
वहीकाका, नेहमीप्रमाणे सुरेख. पण थोडं खडे काढू द्या.

१. उत्पत्ती २मध्ये करार हा शब्द आहे कुठे? तो तुम्ही घालताय.
२. अब्राहाम, याकोब, दावीद, सगळ्यांना एकाहून अधिक बायका. "एकदेह"चं काय झालं मग?
३. बरीथ म्हणजे एकतर्फी वचन, हे निम्मंच सत्य आहे. सीनाय डोंगरावर देवाने इस्राएलशी केलेला करार अटींनी भरलेला आहे. बायबलमधल्या अनुवाद या पुस्तकाचा २८वा अध्याय उघडा: पहिली १४ वचनं आशीर्वादांची आणि पुढची ५४ शापांची. हित्ती सम्राट मांडलिकांशी जे तह करत त्यांच्याशी या रचनेचं साम्य अभ्यासकांनी दाखवलं आहे. म्हणजे राजा वर आणि मांडलिक खाली. हे लग्नाला लावलं तर नवरा सम्राट, आणि बायको कोण ते सांगायला नको.

जुनी वही
पहिला खडा मान्य. उत्पत्ती २मध्ये शब्द नाही. लग्नाच्या संदर्भात तो जुन्या करारात मोजक्याच ठिकाणी येतो: मलाखी २:१४, नीतिसूत्रे २:१७, आणि यहेज्केल १६:८मध्ये रूपक म्हणून. माझ्या वाचनात प्रवास उलट दिशेने झाला. आधी देव आणि इस्राएल यांचं नातं ‘करार’ म्हणून कळलं. मग ते समजवायला संदेष्ट्यांनी लग्न हाताशी घेतलं. आणि त्यानंतर तो प्रकाश उलटून खऱ्या लग्नावर पडला.

होशेय हा संदेष्टा पाहा. बायको सोडून गेली, दुसऱ्यांच्या दारी लागली. मोशेच्या नियमाप्रमाणे होशेयाच्या हातात सगळे हक्क होते. देव त्याला सांगतो, जा, पुन्हा प्रीती कर. होशेय पंधरा शेकेल रुपं आणि दीड होमर जव देऊन तिला सोडवून आणतो (३:२). रक्कम रोख आणि धान्य अशी मिळून आहे. मला तर वाटतं बिचाऱ्याकडे पूर्ण पैसे नव्हते. हे माझं आपलं, पुस्तकात तसं लिहिलेलं नाही.

दुसऱ्या खड्यावर एवढंच की त्या बहुपत्नीक घरांची वर्णनं वाच. सारा-हागार, राहेल-लेआ, दावीदाची मुलं. लेखक एकाही घराचं कौतुक करत नाही.

तिसऱ्याला उत्तर मेणबत्तीताई माझ्यापेक्षा चांगलं देतील.

मेणबत्ती
काका, मला पुढे करून तुम्ही झोपणार अब्रामासारखे.

निशिगंध, मी पाळकाच्या घरात वाढले. मलाखीचं ते वचन लग्नाच्या प्रत्येक उपदेशात ऐकलंय आणि जवळजवळ प्रत्येक वेळी अर्धवट. संदर्भ असा आहे: बंदिवासातून परतलेल्या लोकांमधले पुरुष तरुणपणीच्या बायकांना टाकून परक्या दैवतांच्या स्त्रियांशी लग्नं करताहेत आणि वर मंदिरात येऊन रडताहेत की देव आमची अर्पणं का स्वीकारत नाही. संदेष्टा सांगतो, स्वीकारत नाही कारण तू आणि तुझ्या तारुण्यातली पत्नी यांच्यामध्ये परमेश्वर साक्षी आहे, आणि तू तिचा विश्वासघात केला आहेस. ती तुझी सोबतीण, तुझ्या कराराची पत्नी.

म्हणजे बायबलमध्ये लग्नाला सरळसरळ ‘करार’ म्हटलंय तिथे तो शब्द टाकून दिलेल्या बाईच्या बाजूने उभा आहे. तिला कुणी "परत जा, सहन कर" म्हणत नाही. ज्याने दगा दिला त्याला जाब विचारला जातो. देव साक्षीदार आहे तो तिचा!

पुढचं १६वं वचन तर "मला सूटपत्राचा (म्हणजे घटस्फोटाच्या कागदाचा) तिटकारा आहे" म्हणून प्रसिद्ध. मूळ हिब्रू तिथे बरीच अवघड आहे. इंग्रजीत घरोघरी वाचल्या जाणाऱ्या न्यू इंटरनॅशनल व्हर्जनने २०११च्या आवृत्तीत हे वाक्य बदललं. आधी देव म्हणत होता "मला घटस्फोटाचा तिटकारा आहे". आता वाक्याचा रोख जो पुरुष बायकोचा द्वेष करून तिला टाकतो त्याच्यावर आहे. आणि त्याच वचनात पुढे वस्त्र जुलमाने माखण्याची गोष्ट आहे. ती ओळ उपदेशात मी कधी ऐकली नाही.

तिसरा डोळा, ‘नवरा सम्राट’ म्हणाल तर येशूचा प्रेषित पौल याच्या इफिसकरांस पत्राचा ५वा अध्याय वाचा, पण २२व्या वचनापासून नको, २१व्यापासून. "एकमेकांच्या अधीन असा" तिथे आहे. आणि नवऱ्यापुढे उदाहरण ठेवलंय ते राजासनावरच्या नव्हे, मंडळीसाठी, म्हणजे चर्चसाठी, स्वतःला देऊन टाकणाऱ्या ख्रिस्ताचं. लोकांनी त्याचा वापर कसा केला हा वेगळा, दुःखद विषय.

तिसरा डोळा
"लोकांनी वापर कसा केला" हाच विषय आहे हो ताई. पण मलाखीचा मुद्दा नवा होता, धन्यवाद.

फिर्यादी
पोटापाण्यासाठी कॉन्ट्रॅक्टं लिहितो, त्यामुळे बिचाऱ्या कॉन्ट्रॅक्टची बाजू मांडायला कुणीतरी हवं.

रोमन कायद्याचं तत्त्व होतं की विवाह संमतीने होतो. बाराव्या शतकात चर्चमध्ये यावर मोठा वाद झाला. ग्रेशियन या धर्मकायद्याच्या पंडिताचं म्हणणं साधारण असं की संमतीने सुरुवात होते, शरीरसंबंधाने विवाह पुरा होतो. धर्मशास्त्री पीटर लोम्बार्ड म्हणाला, "मी तुझा स्वीकार करतो" असं वर्तमानकाळात म्हटलं की झालं. पोप तिसरा अलेक्झांडर याने दोन्ही जोडून घेतलं: विवाह संमतीनेच होतो, पण अतूट होतो तो शरीरसंबंधानंतर. कॅथलिक कायद्यात आजही तेच आहे.

यातून झालं काय, तर विवाह करायला बाप, जमीनदार, राजा कुणाच्याही परवानगीची गरज उरली नाही. दोन माणसांचा ‘हो’ पुरे. त्या काळात ही साधी गोष्ट नव्हती. एका मुलीचा ‘नाही’ हा कायद्यात ‘नाही’ ठरणं, हे कॉन्ट्रॅक्टच्या विचाराने दिलं.

तोटाही झाला. साक्षीदार नसले तरी विवाह वैध, त्यामुळे गुपचूप लग्नं बोकाळली. एकीशी आडोशाला शब्द, दुसरीशी चर्चमध्ये. अखेर १५६३ साली कॅथलिक चर्चच्या ट्रेंटच्या परिषदेने ‘तामेत्सी’ नावाचा हुकूम काढला: यापुढे धर्मगुरू आणि दोन-तीन साक्षीदारांसमोर झालेला विवाहच ग्राह्य.

आता निशिगंधचा शब्द. १९१७च्या कॅथलिक धर्मकायद्यात कलम १०१२ विवाहाला ‘कोन्त्राक्तुस’ म्हणतं. १९६५मध्ये दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेच्या ‘गौदियुम एत स्पेस’ या दस्तऐवजात त्या जागी ‘फोएदुस’ आला, म्हणजे तह, बांधिलकी. १९८३च्या नव्या कायद्यात कलम १०५५ची सुरुवातच ‘वैवाहिक फोएदुस’ने आहे. पण त्याच कलमाच्या दुसऱ्या परिच्छेदात कोन्त्राक्तुस पुन्हा डोकावतो! फादर फळ्यावर जे दोन शब्द लिहून पुढे गेले, त्यांच्या चर्चलाही ते पुरते वेगळे करता आलेले नाहीत. मला त्यात काही वाईट दिसत नाही.

वाटसरू
म्हणजे "करार नव्हे, करार, आणि थोडासा करारही".

दूरदेशी
मी मागे एका मित्राच्या ग्रीक ऑर्थोडॉक्स लग्नाला गेलो होतो, त्याची आठवण झाली. मी शपथ ऐकायला कान टवकारून बसलो होतो आणि शपथ आलीच नाही! वर-वधू पूर्णवेळ गप्प. आधी अंगठ्या, मग डोक्यावर मुकुट, एका प्याल्यातून दोघांनी पिणं आणि मेजाभोवती तीन प्रदक्षिणा. त्या फेऱ्यांच्या वेळी जे गातात त्यात पवित्र हुतात्म्यांना हाक मारलेली आहे. मित्र म्हणाला, मुकुट राजाचेही आहेत आणि हुतात्म्यांचेही, बायकोला सांगू नकोस.

त्यांच्यात विवाह लावतो तो देव, धर्मगुरूच्या आशीर्वादातून. पाश्चात्त्य चर्चमध्ये मात्र वर-वधूच एकमेकांना तो संस्कार देतात. म्हणजे फिर्यादींची ‘संमती’ तिकडे गाभ्याशी नाहीच. गंमत अशी की घटस्फोटितांना पुनर्विवाहाची वाटही ऑर्थोडॉक्स चर्चच देतं. दुसऱ्या लग्नाच्या विधीत पश्चात्तापाच्या प्रार्थना असतात, आणि तीनच्या पुढे साफ नकार. बायझंटाइन सम्राट सहावा लिओ याने वारसासाठी चौथं लग्न केलं, त्यावरून एवढं रणकंदन झालं की शेवटी ९२० साली चौथ्याला कायमची बंदी घातली गेली.

जुनी वही
दूरदेशी, वा. ‘संस्कार’ शब्द आलाच आहे तर एक जोड. पौल विवाहाला ‘मिस्तेरिओन’ म्हणतो, मोठं रहस्य. लॅटिन भाषांतरात त्याचं ‘साक्रामेंतुम’ झालं. हा शब्द रोमन सैनिक भरती होताना जी शपथ घ्यायचा तिच्यासाठी वापरला जायचा. धर्मशास्त्री ऑगस्टिनने ४०१च्या सुमारास विवाहाच्या भल्यावर एक छोटं पुस्तक लिहिलं, त्यात तीन गोष्टी मोजल्या: संतती, निष्ठा आणि साक्रामेंतुम. त्याच्या मनात या तिसऱ्या शब्दात न सुटणारी गाठ होती. १४३९च्या फ्लोरेन्स परिषदेपर्यंत विवाह सात संस्कारांच्या यादीत पक्का बसला.

मेणबत्ती
आणि १५२०मध्ये प्रॉटेस्टंट चळवळ सुरू करणाऱ्या लूथरने तो यादीतून काढला! त्याचं म्हणणं, पौलाचा शब्द ‘रहस्य’ आहे, तुम्ही लॅटिनवर इमला उभारलात. विवाह ख्रिस्ताच्या आधीपासून सगळ्या जगात आहे, तो चर्चच्या मालकीचा नाही. पुढे तर त्याने विवाहाला ऐहिक बाब म्हटलं. पण ऐहिक म्हणजे कमी पवित्र असं मात्र त्याला म्हणायचं नव्हतं. पोरांचे लंगोट धुणारा बापही देवाचंच काम करतो असं त्याने लिहिलं, आणि मठातून पळालेल्या जोगिणीशी, काथारिना फॉन बोराशी, १५२५मध्ये लग्न करून संसार थाटला.

संस्काराचा आधार गेल्यावर प्रॉटेस्टंटांना दुसरा आधार हवा होता. तो त्यांना मलाखीत सापडला. प्रॉटेस्टंट सुधारक काल्विनच्या विचारात करार ठळक आहे. आणि करार म्हटलं की तो मोडला जाऊ शकतो हेही आलं. इंग्लंडमधल्या प्रॉटेस्टंटांच्या वेस्टमिन्स्टरच्या १६४६च्या विश्वासपत्रात घटस्फोटाला दोन कारणं मान्य आहेत: व्यभिचार, आणि कशानेही दुरुस्त न होणारा जाणूनबुजून केलेला त्याग. निर्दोष बाजूला पुनर्विवाह करता येतो, दोषी जणू मेलाच असं समजून.

म्हणून "कव्हेनंट म्हणजे मोडता न येणारा" हे वाक्य मला पटत नाही. मोडता येतो. मोडू नये म्हणून तर शपथ आहे. जो मोडूच शकत नाही त्यासाठी कुणी जनावरं कापत नाही.

ठाम
चर्चा वाचली. सगळ्यांना पळवाटाच हव्यात. "देवाने जे जोडले आहे ते माणसाने तोडू नये." मत्तय १९:६. येशूने स्पष्ट सांगितलंय. हिब्रू, लॅटिनची गरज नाही. आजकाल जरा खट्टू झालं की निघाले वकिलाकडे.

फिर्यादी
"निघाले वकिलाकडे" हे आमच्या धंद्याला शुभवार्ताच आहे.

बाकी त्या संवादाचा प्रसंग काय होता ते पाहावं. अनुवाद २४मधल्या सूटपत्राच्या कारणावरून तेव्हा दोन संप्रदायांत वाद होता. शम्मईचा पंथ म्हणे, फक्त लज्जास्पद वर्तन. हिल्लेलचा पंथ म्हणे, बायकोने जेवण करपवलं तरी पुरे. सूटपत्र देण्याचा हक्क नवऱ्याकडे. येशूला विचारलेला प्रश्नही "कोणत्याही कारणावरून बायको टाकणं योग्य आहे का" असा पुरुषांच्या सोयीचा आहे. त्याचं उत्तर ती सोय काढून घेणारं आहे. शिष्य किती दचकले बघा: असं असेल तर लग्न न केलेलंच बरं, म्हणाले!

पागोळ्या
ठाम, मी "जरा खट्टू" होऊन निघाले नव्हते.

इथे हे लिहीन असं वाटलं नव्हतं, पण निशिगंधसाठी लिहिते. माझं लग्न चर्चमध्ये झालं. वर्षभराने कळलं की मूल कधीच होऊ द्यायचं नाही हे त्याने लग्नाआधीच ठरवलं होतं, मित्रांना सांगितलंही होतं. मला सोडून सगळ्यांना. विचारलं की हात उचलायचा. मी सल्ल्यासाठी ज्यांच्याकडे गेले त्यांनी मला प्रार्थना वाढवायला सांगितली. दोन वर्षं वाढवली.

शेवटी चर्चच्याच न्यायमंडळात अर्ज केला. लोक त्याला कॅथलिक घटस्फोट म्हणतात, तो तसा नाही. झालेला विवाह मोडत नाहीत, तो मुळात झाला होता का हे तपासतात. शपथ घेताना एखाद्याने मनातून मूल, निष्ठा किंवा कायमपण वगळलं असेल, खोटं बोलून फसवलं असेल, धाक असेल, तर ती संमतीच नव्हे. लेखी जबाब, साक्षीदार, कागदपत्रं. आणि एक ‘बंधनरक्षक’ असतो. विवाहाच्या बाजूने युक्तिवाद करणं हेच त्याचं काम. १७४१मध्ये पोप चौदाव्या बेनेडिक्टने ही जागा निर्माण केली. मला तेव्हा त्याचा फार राग आला होता. आता वाटतं, कुणीतरी माझं लग्न इतकं गांभीर्याने घेत होतं, नवऱ्यापेक्षा तरी जास्त.

माझ्या वेळी एका मंडळाचा निकाल पुरत नसे, दुसऱ्याने दुजोरा द्यावा लागे. पोप फ्रान्सिस यांनी २०१५मध्ये ती सक्ती काढली. मला मात्र दोन्ही पायऱ्या चढाव्या लागल्या. अजून एक, कारण सगळ्या बायका हेच आधी विचारतात: निकाल लागला म्हणून मुलं अनौरस ठरत नाहीत. कायद्यात तसं स्पष्ट आहे. मला मूल नव्हतंच, पण माहिती असू द्या.

निकालाचा कागद हातात आला तेव्हा मला मोकळं वाटलं नाही. "विवाह झालाच नव्हता." मग ती चार वर्षं काय होतं? याचं उत्तर अजून मिळालेलं नाही.

ठाम
पागोळ्याताई, माझा शब्द चुकला. माफ करा. तुमच्याबद्दल नव्हतं.

पागोळ्या
माहीत आहे. कधीच कुणाबद्दल नसतं.

मेणबत्ती
पागोळ्या, __/\__

निशिगंधच्या नातेवाईक बाईंबद्दल एक राहिलं. अतूट विवाह मानणाऱ्या कॅथलिक कायद्यातही कलम ११५३ सांगतं की जोडीदारापासून स्वतःला किंवा मुलांना गंभीर धोका असेल तर वेगळं राहण्याचं ते वैध कारण आहे, आणि उशीर धोक्याचा असेल तर स्वतःच्या निर्णयाने निघता येतं. ‘आमोरिस लेतित्सिया’ या कुटुंबावरच्या पत्रात २०१६ साली पोप फ्रान्सिस लिहितात की काही वेळा वेगळं होणं नैतिकदृष्ट्या आवश्यकही असतं. "परत जा" म्हणणाऱ्यांनी त्यांच्याच घरचा कायदा वाचलेला नव्हता.

तिसरा डोळा
कायदा पुस्तकात आणि बाई परत त्याच घरात. पण ताईंनी कलम दिलं ते बरं केलं, कुणाच्या तरी उपयोगी पडेल.

अवांतर: अमेरिकेत लुइझियाना राज्याने १९९७मध्ये ‘कव्हेनंट मॅरेज’ हा कायद्यातच पर्याय ठेवला. आधी समुपदेशन, घटस्फोटाची कारणं मोजकी. मग ॲरिझोना आणि आर्कन्सॉ. फार थोडी जोडपी तो निवडतात. सरकारी फॉर्मवर खूण करून पावित्र्य मिळवायचं, म्हणजे पुन्हा कॉन्ट्रॅक्टच की!

फिर्यादी
त्यातही मारहाण हे घटस्फोटाचं कारण धरलेलं आहे, बरं का. कायदा लिहिणाऱ्यांना तेवढं कळत होतं.

दूरदेशी
भाषेचा मूळ प्रश्न राहिलाच. मराठीत कव्हेनंटला दुसरा शब्द नाही का? तह?

जुनी वही
तह युद्धानंतरचा. (लग्नातही लागतो, पण नंतर.) वचन अपुरं, बांधिलकी कोरडी. मला ‘आणभाक’ आवडतो. आण म्हणजे शपथ, भाक म्हणजे दिलेला शब्द. आणाभाका घेतल्या म्हणतो ना.

वाटसरू
"मत्तयापासून प्रकटीकरणापर्यंत, नवी आणभाक." नको काका. जुनंच असू द्या.

आणि मी म्हणतो, करार वाईट कुठे आहे? मूळ अरबी शब्द आहे. ‘क़रार’ म्हणजे ठहराव, स्थिर होणं, निवांत होणं. म्हणून तर जिवाला चैन नसलेला माणूस बेक़रार. आपल्या मराठीतला ‘करारी’ त्याच घरचा, शब्दाला पक्का. स्टॅम्पपेपर त्याला फार उशिरा चिकटला. जिथे जीव ठरतो तो करार. जुन्या भाषांतरकारांच्या हे मनात होतं की नाही, देव जाणे, पण हातून बरा शब्द पडलाय.

जुनी वही
वाटसरू, आठ वर्षांत तू लिहिलेला हा पहिला प्रतिसाद मी वहीत उतरवून घेतला आहे.

निशिगंध
सगळ्यांचे मनापासून आभार. पागोळ्याताई, तुम्हाला वेगळा निरोप केला आहे.

काल वर्ग होता. मी धीर करून विचारलं, "फादर, नवरा मारत असेल तर देवासमोर दिलेल्या शब्दाचं काय?" ते थोडा वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, "शब्द त्याने मोडलेला असतो. हे मी पहिल्याच दिवशी सांगायला हवं होतं." कलम ११५३ त्यांना ठाऊक होतं, पण वर्गात कधी काढलं नव्हतं. पुढच्या जोडप्यांना सांगणार आहेत.

मग आम्ही शपथेचा मजकूर वाचला. आजवर कितीदा ऐकलाय, पण या वेळी मी ‘जर’ शोधत होते. सुखात आणि दुःखात, आजारात आणि आरोग्यात मी एकनिष्ठ राहीन, प्रेम करीन, मान राखीन. "तू राहिलास तर" असं कुठेच नाही. दोघांनी आपापली बाजू सांगायची, दुसऱ्याच्या वतीने काहीच नाही. तेव्हा काकांची ती वाट डोळ्यांसमोर आली. आणि शेवट "आयुष्यभर" एवढाच. जन्मोजन्मीचं काही नाही, पुनरुत्थानात लग्न करत नाहीत असं येशूनेच सांगितलंय. त्याने मला का कोण जाणे हायसं वाटलं.

घरी येताना होणाऱ्या नवऱ्याला कापलेल्या जनावरांची, मशालीची सगळी गोष्ट सांगितली. त्याने नीट ऐकली. मग म्हणाला, "म्हणजे एवढं सगळं होत असताना अब्राम झोपला होता?"
मी म्हटलं, हो.
"मग माझं जमेल."

वाटसरू
मुलगा चांगला आहे. होकार द्या.

मेणबत्ती
अरे, ती देऊन बसली आहे केव्हाच.